सरकारचे मौन

नगरहून मनमाडकडे जाणारा रस्ता जेथे प्रवरा नदी ओलांडतो, तेथे कोल्हार आहे. नदीकाठी भगवतीदेवीचे देऊळ असल्यामुळे गावाला कोल्हार-भगवतीपूर असेही म्हणतात. १९२६ साली भंडारदऱ्याचे धरण पुरे झाले, प्रवरेच्या कालव्यांनी ह्या टापूत बारमाही पाणी आणले, आणि बाजरीच्या रानात ऊस दिसू लागला. १९५० साली जवळच प्रवरानगरला सहकारी साखर कारखाना सुरू झाला. रस्त्यावरची रहदारी वाढली. शिर्डीच्या यात्रेकरूंनी ती आणखी वाढवली. अशा ठिकाणी जे व्हायचे तेच झाले. काल जेथे ऊस उभा होता त्या रानाच्या रस्त्याकडच्या दोन गुंठ्यांत दुकान काढावे, धाकट्या मुलाच्या संसारासाठी चार खोल्यांचे घर बांधावे, असे मालकांना वाटू लागले. जमीन त्यांची, पैसा त्यांचा. तरी पहिली कुदळ मारण्यापूर्वी सरकारला एक कागद लिहावा लागे. त्या कागदाला आपल्याकडे सगळेच ‘बिनशेतीचा अर्ज’ म्हणतात.

दिवाळीच्या दिवसांत फराळाचे ताट पुढे असताना कचेरीतल्या अर्जाची हकिकत कोणी सांगावी काय, असे वाचकांस वाटेल. पण आपण ज्या ओसरीवर पणत्या लावतो, तिच्याखालची माती कधीतरी शेतीचीच होती. ती शेतीची घराची कशी झाली, आणि ते होताना किती दिवस वाट पाहावी लागली, ही पुष्कळ घरांची न लिहिलेली गोष्ट आहे. मला स्वतःला ह्या विषयाचा छंद जुने कायदे आणि जुने निकाल चाळता चाळता लागला. त्यांत एक प्रश्न पुन्हा पुन्हा दिसतो. सरकार ‘होय’ म्हणाले तर ठीक. ‘नाही’ म्हणाले तर अपील आहे. पण सरकार काहीच बोलले नाही तर रयतेने कोणाकडे जावे?

हा प्रश्न किती रोखठोक आहे, हे पंचांगावर बोट ठेवून पाहावे. समजा, कोल्हारच्या एखाद्या शेतकऱ्याने पाडव्याच्या मुहूर्ताला घर बांधायचे ठरवले आणि लगेच अर्ज दिला. तीन महिन्यांत उत्तर आले तर माघ उजाडतो. पुढे फाल्गुन, चैत्र, वैशाख हे बांधकामाचे कोरडे महिने हाताशी राहतात. पाऊस पडण्यापूर्वी छप्पर चढते. पण तेच उत्तर आषाढात आले तर घर सरळ एक वर्ष पुढे जाते. विटा आणून ठेवलेल्या असतात, कर्जाचे व्याज चालू असते, लग्न ठरलेले असते. नकार आला असता तर निदान विटा विकून मोकळे होता आले असते. उत्तराची वाट पाहणाऱ्याला तेवढेही करता येत नाही.

आता मुळात परवानगी कशासाठी, ते पाहू. इंग्रजी अमदानीत गोल्डस्मिड आणि विंगेट ह्या अधिकाऱ्यांनी १८३५ च्या सुमारास इंदापुरापासून जमिनीची नवी मोजणी आणि साऱ्याची नवी पद्धत सुरू केली. मातीचा कस पाहून प्रत बांधायची, प्रतीवरून आकार ठरवायचा आणि तो तीस वर्षे कायम ठेवायचा, असे तिचे धोरण होते. सगळा हिशेब पिकावर बसवलेला. त्या जमिनीत पिकाऐवजी दुकान उभे राहिले की हिशेब मोडतो. म्हणून सरकारला ते आधी कळले पाहिजे आणि त्यावर निराळा सारा बसवता आला पाहिजे, हे त्यामागचे तर्कशास्त्र. १८७९ च्या मुंबई जमीन महसूल कायद्यात, म्हणजे लँड रेव्हिन्यू कोडात, ते पासष्टाव्या कलमात बसले. शेतकऱ्याने आपल्या रानात विहीर खणावी, शेतीसाठी लागणारे घर किंवा गोठा बांधावा, त्याला आडकाठी नाही. दुसऱ्या कोणत्याही कामासाठी जमीन वापरायची तर मात्र कलेक्टरची परवानगी हवी. न घेता वापरली तर पुढच्याच कलमात दंड आणि जमिनीवरून उठवणे, अशी दोन्ही शस्त्रे कलेक्टरच्या हाती होती.

त्याच १८७९ साली दुसराही एक कायदा झाला. १८७५ साली पुणे आणि नगर जिल्ह्यांत शेतकऱ्यांनी सावकारांची खतपत्रे जाळली. त्या दंग्यांनी हादरून सरकारने दख्खन शेतकरी साहाय्य कायदा केला. पुणे, नगर, सोलापूर आणि सातारा ह्या चार जिल्ह्यांत शेतकऱ्याला सावकाराच्या कागदामागे काय आहे ते न्यायालयापुढे उघडे करून दाखवता येऊ लागले. पण सरकार स्वतः प्रतिपक्ष असेल तर? त्याची सोय सरकारने तीन वर्षे आधीच करून ठेवली होती. १८७६ च्या मुंबई महसूल अधिकारक्षेत्र कायद्याने साऱ्याच्या पुष्कळशा बाबी दिवाणी न्यायालयांच्या कक्षेबाहेर काढल्या होत्या. शिवाय अकराव्या कलमात अशी अट होती की महसूल अधिकाऱ्याच्या कृतीबद्दल किंवा त्याने काही न केल्याबद्दल दावा लावायचा तर कायद्याने दिलेली सर्व अपिले आधी करून झालेली असली पाहिजेत. वरवर पाहता अट वाजवी दिसते. पण अपील हुकमावर होते. हुकूमच झाला नसेल तर अपील कशावर करायचे? सावकाराविरुद्ध कोर्टाचे दार उघडे, आणि कलेक्टरच्या मौनाविरुद्ध ते जवळजवळ बंद, अशी नगरच्या शेतकऱ्याची त्या काळी स्थिती होती.

तरीही त्या पासष्टाव्या कलमात, ते पुढे न्यायालयांसमोर ज्या रूपात आले त्या रूपात, एक विलक्षण तरतूद होती. कलेक्टरने अर्जाची लेखी पोच द्यावी, चौकशी करून परवानगी द्यावी किंवा नाकारावी. आणि तीन महिन्यांच्या आत निर्णय अर्जदाराला कळवला नाही तर परवानगी दिली असे समजावे. पोच सात दिवसांत दिली असेल तर तीन महिने पोचेच्या तारखेपासून मोजायचे. नसेल दिली तर अर्ज मिळाल्याच्या तारखेपासून. मौन म्हणजे संमती, ही लग्नाच्या बैठकीत ऐकू येणारी गोष्ट कलेक्टरच्या कचेरीला लागू झाली!

ही तरतूद किती वेगळी होती, हे फ्रान्सकडे पाहिले की कळते. तेथे १९०० सालच्या कायद्याने असे ठरवले की सरकारी खात्याने चार महिने उत्तर दिले नाही तर ते नकार समजावे. वाचणाऱ्याला हे उलटे वाटेल. पण त्यातही नागरिकाचा लाभ होता. नकार मिळाला असे मानले की त्याविरुद्ध तेथल्या वरिष्ठ प्रशासकीय न्यायालयात जाता येई. पुढे २००० साली ही मुदत दोन महिन्यांवर आली, आणि २०१३ च्या कायद्याने तर तत्त्वच फिरवले: दोन महिन्यांचे मौन म्हणजे मान्यता, अर्थात पुष्कळ अपवाद ठेवून. म्हणजे जी गोष्ट फ्रान्सने एकविसाव्या शतकात नियम म्हणून स्वीकारली, ती निदान बिनशेतीच्या अर्जापुरती आपल्या मुंबई इलाख्याच्या कायद्यात फार पूर्वी येऊन बसली होती.

मग रडायचे कशाला, असे कोणी म्हणेल. तीन महिने मोजावेत आणि कुदळ मारावी! कागदावर हे खरे आहे, व्यवहारात नाही. कायद्याने मिळालेली परवानगी हवेत असते. बँकेला कर्ज देताना सनद पाहायची असते, जागा घेणाऱ्याला कलेक्टरचा हुकूम पाहायचा असतो. ‘साहेब, तीन महिने झाले, सरकार बोलले नाही, म्हणून परवानगी आहे’ ह्या वाक्यावर कोणी दमडी देत नाही. आणि बांधकाम अर्ध्यावर आले असताना तलाठ्याने नोटीस आणली तर? मुदत खरोखर भरली होती काय, अर्ज पुरा होता काय, हे सगळे मागाहून वादात पडते. म्हणून मौनाने मिळालेली ही ‘मानीव’ परवानगी हाती असलेला मनुष्यही शेवटी सरकारच्या तोंडून एक शब्द ऐकण्यासाठी धडपडतो.

तो शब्द सरकारकडून काढून घेण्याचे साधन इंग्लंडात जुने होते. लेखी आज्ञा पाठवून अधिकाऱ्याला त्याचे कर्तव्य करायला लावणे, ह्याला तिकडे मँडेमस म्हणतात. आपण परमादेश म्हणतो. १६१५ साली प्लिमथ गावच्या एका नागरिकाला गावसभेने काढून टाकले, तेव्हा कोक नावाच्या न्यायाधीशाच्या न्यायासनाने त्याला परत घ्यायला लावले. ह्या साधनाचा इतिहास लिहिणारे बहुधा तेथून आरंभ करतात. हिंदुस्थानात मात्र ते मोजक्या शहरांपुरते आले. १७८१ सालीच ब्रिटिश पार्लमेंटने कलकत्त्याच्या सुप्रीम कोर्टाला महसुलाच्या कामांत हात घालण्यास मनाई केली होती. १८७७ च्या विशिष्ट साहाय्य कायद्याने मुंबई, मद्रास आणि कलकत्ता येथील हायकोर्टांना अधिकाऱ्यांकडून कर्तव्य करवून घेण्याचा अधिकार दिला, पण तो त्या त्या शहराच्या हद्दीपुरता. १९४३ साली गंजाम जिल्ह्यातल्या रयतेचा खंडवाढीचा वाद प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला, तेव्हा तेथेही हेच उत्तर मिळाले की मद्रास हायकोर्टाचा हा विशेष अधिकार मुफसलातल्या अशा वादापर्यंत पोचत नाही. गिरगावातल्या माणसाला जे दार ठोठावता येत होते, ते कोल्हारच्या माणसाला नव्हते.

हे चित्र २६ जानेवारी १९५० रोजी पालटले. राज्यघटनेच्या २२६ व्या अनुच्छेदाने प्रत्येक हायकोर्टाला आपल्या संपूर्ण मुलखात, कोणत्याही अधिकाऱ्याला आणि योग्य प्रसंगी सरकारलाही आज्ञा देण्याचा अधिकार मिळाला. शेजारच्या २२५ व्या अनुच्छेदात एक लहानसे वाक्य आहे, त्याच्याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. महसुलाच्या बाबतीत हायकोर्टांवर पूर्वी जे बंधन होते ते ह्यापुढे राहणार नाही, असे ते वाक्य सांगते. आणीबाणीत, १९७६ च्या बेचाळिसाव्या दुरुस्तीने, ते वाक्य गाळले गेले आणि १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने परत आणले गेले. मला ह्या दोन ओळींचे फार अप्रूप वाटते. १७८१ साली लावलेले कुलूप त्यांनी काढले.

आता ह्या दारातून आत गेल्यावर काय मिळते, तेही स्पष्ट सांगितले पाहिजे; कारण पुष्कळांची येथे निराशा होते. न्यायालय शक्यतो परवानगी देत नाही. ते कलेक्टरला म्हणते, ‘अमुक आठवड्यांत निर्णय द्या.’ निर्णय कोणता द्यायचा हे सांगत नाही. १९९७ साली गुजरातेतल्या एका प्रकरणात, विषय निराळा होता, पण सुप्रीम कोर्टाने हे तत्त्व नीट मांडले: अधिकाऱ्याच्या विवेकावर सोपवलेली गोष्ट त्याने ठरवावी एवढीच आज्ञा देता येते, अमुकच ठरवावे अशी आज्ञा दिली तर त्याचा विवेक उरतच नाही. शिवाय न्यायालयात जाण्यापूर्वी अर्जदाराने आपली मागणी लेखी करून पाहिली आहे काय, हेही विचारले जाते. म्हणून जाणते वकील आधी रजिस्टर टपालाने एक स्मरणपत्र पाठवायला सांगतात आणि टपालाची पावती जपायला लावतात. आज्ञा होऊनही कचेरी गप्प राहिली तर पुढे न्यायालयाच्या अवमानाचा प्रश्न येतो, आणि मग मात्र बस्ते भराभर सुटतात.

सरकारच्या मौनाप्रमाणे सरकारचे उशिरा बोलणेही घातक असते. ह्याचा सर्वांत बोधप्रद खटला राजकोटचा. राजकोट मे १९६० पर्यंत आपल्याच मुंबई राज्यात होते आणि तेथल्या अर्जाला तेच पासष्टावे कलम लागू होते. एका जमीनधारकाला कलेक्टरने २ जुलै १९६० रोजी बिनशेतीची परवानगी दिली, त्याच महिन्यात सनदही मिळाली. आणि सव्वा वर्षाने, १२ ऑक्टोबर १९६१ रोजी, कमिशनरने आपल्या फेरतपासणीच्या अधिकारात ती रद्द केली! हा अधिकार किती दिवसांत वापरावा ह्याबद्दल कायद्यात एक अक्षरही नव्हते. सरकारचे म्हणणे साहजिकच असे की मुदत नाही, म्हणजे केव्हाही वापरता येईल. गुजरात राज्य विरुद्ध पाटील राघव नाथा ह्या नावाने तो खटला सुप्रीम कोर्टात गेला आणि १९६९ साली न्यायमूर्ती सिक्रींनी निकाल लिहिला. त्यांनी पासष्टावे कलम हातात घेतले. कलेक्टरने तीन महिन्यांत बोलावे असे जेथे कायदा म्हणतो, तेथे कमिशनरने काही महिन्यांतच आपला अधिकार वापरला पाहिजे. कारण परवानगी मिळाल्यावर मनुष्य थोड्याच महिन्यांत बांधकामाला पैसा घालू लागतो. एका वर्षाहून अधिक काळाने केलेला हुकूम फार उशिराचा आहे. शिवाय त्या हुकमाला कारणे दिलेली नव्हती, हाही दोष त्यांनी दाखवला.

ह्या निकालाची थोरवी मला अशी वाटते की त्यात घर बांधणाऱ्या माणसाच्या हिशेबाने सरकारचा वेळ मोजला गेला. कायद्याने मुदत घातली नसेल तेथेही ‘वाजवी मुदत’ असते, हे तत्त्व पुढे देशभरच्या असंख्य खटल्यांत आधाराला घेतले गेले, आणि त्याचे मूळ बिनशेतीच्या एका साध्या अर्जात आहे.

दरम्यान महाराष्ट्राने आपली स्वतःची जमीन महसूल संहिता १९६६ साली केली. ती १५ ऑगस्ट १९६७ पासून अमलात आली. जुने पासष्टावे कलम तिच्यात चव्वेचाळिसावे झाले. सात दिवसांत पोच, नाकारायचे तर लेखी कारणे, आणि नव्वद दिवसांत निर्णय कळवला नाही तर परवानगी मिळाली असे मानणे, मात्र नियमांतल्या अटी पाळून. २७ ऑगस्ट १९८१ रोजी औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला, मुंबई हायकोर्टाचे खंडपीठ बसले. त्यालाही आव्हान मिळाले, पण १९८२ साली सुप्रीम कोर्टाने ते उचलून धरले. नगर जिल्ह्याची, आताच्या अहिल्यानगरची, प्रकरणे तेथे जातात. मुंबईच्या फेऱ्या, तेथे राहणे, जेवणखाण, हा सगळा खर्च ज्याने केला असेल त्यालाच हे अंतर कमी होण्याची किंमत कळेल.

वाट पाहण्यात जे नुकसान झाले ते कोणी भरून द्यायचे? येथे कायदा अजून हात आखडता घेतो. तरी १९९३ साली लखनौ विकास प्राधिकरणाच्या खटल्यात, ताबा देण्यात झालेल्या दिरंगाईबद्दल, सुप्रीम कोर्टाने एक खणखणीत गोष्ट सांगितली. सत्ताधाऱ्यांच्या छळाबद्दल भरपाई द्यावी लागली तर ती शेवटी जनतेच्याच पैशातून जाते. तेव्हा जबाबदार अधिकारी शोधून ती त्याच्याकडून वसूल करावी. असे वसूल झाल्याची उदाहरणे क्वचितच ऐकू येतात. पण तत्त्व लिहून ठेवलेले आहे.

आणि दिरंगाईला कायद्याने नाव देण्याचा मान पुन्हा नगर जिल्ह्याकडेच येतो. पारनेर तालुक्यातल्या राळेगणसिद्धीच्या अण्णा हजारे यांनी माहितीच्या अधिकाराबरोबर दिरंगाईविरुद्धच्या कायद्याचीही मागणी लावून धरली. महाराष्ट्राने २००५ चा बदल्यांचा व दिरंगाईला आळा घालण्याचा कायदा केला, तो जुलै २००६ पासून लागू झाला. लोक त्याला दप्तर दिरंगाई कायदा म्हणतात. सर्वसाधारणपणे कोणतीही फाईल एका कर्मचाऱ्याच्या टेबलावर सात कामाच्या दिवसांहून जास्त राहू नये. दुसऱ्या खात्याकडे पाठवायची नसेल तर पंचेचाळीस दिवसांत आणि पाठवायची असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हावा, असे तो सांगतो. पुन्हा तेच तीन महिने! २०१५ च्या लोकसेवा हक्क कायद्याने अधिसूचित सेवांसाठी मुदती, तीन अपिले आणि कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला पाचशे ते पाच हजार रुपये दंड, अशी शिडी बांधून दिली. त्याच सुमारास बिनशेतीची परवानगीही सैल होत गेली. २०१४ आणि २०१७ च्या दुरुस्त्यांनी विकास आराखड्यातल्या जमिनींचा मार्ग सोपा केला, आणि गावठाणाच्या हद्दीपासून २०० मीटरच्या आतील जमीन राहण्यासाठी बिनशेती झाली असे मानण्याची तरतूद आली. गावठाणाला लागून ज्याचे रान आहे, त्याला ही तरतूद केवढी मोलाची!

मी सरकारच्या बाजूनेही एक शब्द बोलतो. प्रत्येक अर्ज डोळे मिटून मंजूर करावा असे कोणी शहाणा म्हणणार नाही. बागाईत जमीन एकदा विटांखाली गेली की परत येत नाही. नदीच्या पूररेषेत घरे उभी राहिली तर त्याचे फळ सगळ्या गावाला भोगावे लागते. चौकशी हवीच, प्रसंगी नकारही हवा. पण चौकशी करणारा शेवटी बोलला पाहिजे, आणि का नाही ते सांगितले पाहिजे. नकाराशी माणूस भांडू शकतो. राजकोटच्या खटल्यात हुकूम झाला होता, म्हणून तर तो सुप्रीम कोर्टात मोडता आला.

ह्या दीडशे वर्षांच्या हकिकतीत मोठमोठी नावे आली, पण सगळे चक्र ज्या खिळ्यावर फिरते तो खिळा फार लहान आहे. तो म्हणजे पोच. अर्ज कोणत्या तारखेला मिळाला, हे सांगणारा, गोल शिक्का मारलेला कागदाचा चिटोरा. तीन महिने तेथून मोजायचे, स्मरणपत्रात तीच तारीख लिहायची, न्यायालयातही वकील प्रथम तीच मागणार. कारकून म्हणाला, ‘ठेवून जा, पोच नंतर नेा’, तर हसून म्हणावे, ‘थांबतो की, घाई नाही.’ घरातल्या लेकीसुनांनीही ही गोष्ट ध्यानात ठेवावी. पुष्कळ घरांत कागद जपून ठेवण्याचे काम त्यांच्याकडेच असते. ह्या लक्ष्मीपूजनाला वह्यांबरोबर कपाटातले कागदही खाली काढावेत, आणि एखाद्या अर्जाची पोच सापडली तर तिच्यावरची तारीख वाचून दिवस मोजावेत.